एनॉस कसा गेला

"जरा मोठ्यानं सांग, बाळा," केझियाबाई म्हणाली. "मला कमी ऐकू येतं."

आसानं तोंडातली मक्याची भाकरी गिळली आणि आवाज चढवून पुन्हा पहिल्यापासून सुरुवात केली. पीटर्सबर्गचा खंदक, पहाटेचं धुकं, एनॉसच्या छातीत घुसलेली गोळी.

"माझ्या मांडीवर डोकं ठेवून गेला, मावशी. म्हणाला, आईला सांग, मी भ्यालो नाही."

म्हातारी एप्रनला डोळे पुसत राहिली.

एनॉस लँबला आसानं जन्मात पाहिलं नव्हतं. आसा स्वतः अमेरिकेच्या यादवी युद्धात दक्षिणेच्या फौजेतून पळालेला शिपाई. कॅरोलिनाच्या डोंगरातून लपतछपत जॉर्जियातल्या आपल्या घराकडे निघाला होता. वाटेत एखाद्या गिरणीवर थांबून कुणाचा मुलगा परतला नाही याची चौकशी करायची आणि त्या दारात त्याच्या मरणाची बातमी घेऊन उभं राहायचं, एवढ्यावर त्याचं पोट चाललं होतं. माणूस वाईट नव्हता, उपाशी होता. या खोऱ्यातला गिरणीवाला म्हणाला होता, "लँबबाईचा एनॉस. उन्हाळ्यापासून पत्ता नाही."

इतर आया एक वेळ जेवू घालून वाटेला लावत. केझियाबाईनं त्याला ठेवूनच घेतलं. दारात उभा राहिला तेव्हा त्याच्याकडे टक लावून पाहत म्हणाली, "उंचीनं अगदी त्याच्याएवढा आहेस." मग त्याचा उवांनी भरलेला फौजी कोट उकळत्या पाण्यात टाकला, एनॉसचा निळा सदरा घालायला दिला, ओसरीवर बसवून केस कापले. थंडीमुळे कोट वाळता वाळत नव्हता.

मीठ मिळत नाही म्हणून ती मांस धुरावायच्या खोपटातली, खारवलेल्या मांसाचं पाणी मुरलेली माती खणून उकळायची आणि तिच्यातून मीठ काढायची. फौजेच्या पुरवठावाल्यांनी गोठा, खुराडं, सगळं झाडून नेलं होतं. तरी जेवताना ती तीन ताटं मांडी. "त्याचं ताट मांडल्याशिवाय घास उतरत नाही," म्हणे. जेवणं झाली की ते ताट फडक्याखाली झाकून ठेवी, आणि सकाळी ते रिकामं असे. "कोंबड्यांना घातलं," ती सांगे. आसानं जास्त विचारलं नाही. पोट भरलेला माणूस फार चौकशा करत नाही. आसाची खुर्चीसुद्धा तिनं शेकोटीपासून दूर, खोलीच्या मधोमध, फळ्यांच्या जमिनीवर अंथरलेल्या चिंध्यांच्या सतरंजीवर मांडली होती. तिथं गारठा होता, पण तिचा हट्ट होता, म्हणून तो तिथं बसे.

"होमगार्डवाले इकडे येतात का, मावशी?" त्यानं एकदा सहज विचारल्यासारखं विचारलं.

"येतात की. पळून आलेली पोरं हुडकत. वीस गुलामांच्या मालकानं घरी बसायचं आणि एका गाईच्या धन्यानं लढायचं, मग पोरं पळणार नाहीत तर काय." तिनं रताळं भाजून केलेली कॉफी त्याच्यापुढे ठेवली. "आधी ते आपल्याच खोऱ्यातले होते, डोळेझाक करायचे. आता पलीकडच्या जिल्ह्यातले आणलेत. कुणी कुणाला ओळखत नाही. शेजारच्या डॉर्कसच्या पोराला धरलं तर ती म्हणाली, हा माझा कुणीच नव्हे. पोरगा म्हणाला, ही बाई कोण मला ठाऊक नाही. थारा देणाऱ्या आईचीही बोटं कुंपणाच्या दांड्याखाली चिरडतात ना."

"मग?"

"मग काय. दोघांचं नाक एकसारखं."

आसाला हसू आलं आणि लगेच लाजही वाटली. "परत कधी येतील?"

"परवाच येऊन गेले. आता महिनाभर नाहीत. तू स्वस्थ बस. शेवटी काय म्हणाला ते सांग बघू पुन्हा. मोठ्यानं."

शनिवारी त्याला राहवेना. त्या सदऱ्याला अजून दुसऱ्याच्या घामाचा वास होता, आणि ही बाई त्याला पोटच्या पोरासारखं वाढत होती. आपण किती हलकट आहोत, असं त्याला मनापासून वाटलं.

"मावशी, एक सांगायचंय. एनॉसबद्दल."

"जेवून घे आधी." मग तिचा हात थांबला. "घोडे आले."

आसाला काहीच ऐकू आलं नाही. टापा त्याच्या कानांवर पडल्या त्या बऱ्याच वेळानं. तो उठून मागच्या दाराकडे वळला.

"पळू नकोस, गोळी घालतील. बस तिथंच," ती म्हणाली. "मी बोलते त्यांच्याशी."

होमगार्डचा कॅप्टन हार्जिस आत आला, मागे दोन शिपाई. "हा कोण?"

"मी वाटसरू आहे, साहेब. यांच्या मुलाचा दोस्त..."

केझियाबाईनं धावत येऊन आसाच्या गळ्याला मिठी मारली. "याला नेऊ नका हो, कॅप्टनसाहेब. एकुलतं एक पोर आहे माझं."

"एनॉस लँब," कॅप्टन शांतपणे म्हणाला. "मक्याच्या शेतात माझ्या माणसाला गोळी घातलीस. तेव्हापासून दोर बरोबर घेऊनच हिंडतोय."

"मी एनॉस नाही. मी आसा कोल्वर्ड, जॉर्जियाच्या..." तो अडखळला. पलटणीचं नाव सांगितलं तरी तो पळपुटाच ठरणार होता. "एनॉस मेला, साहेब. माझ्या मांडीवर मेला. विचारा यांना."

"आईला नाकारणारी पोरं मला रोज भेटतात," कॅप्टन म्हणाला. "पण दुसऱ्याच्या पोराला आपलं म्हणून स्वतःची बोटं चिरडून घेणारी आई अजून भेटली नाही. अंगणातल्या ओकच्या झाडावर लटकवा याला."

शिपायांनी त्याचे दंड धरले. म्हातारीची मिठी सुटत नव्हती. ती खरोखरच रडत होती. तिनं ओठ त्याच्या कानाशी नेले.

"फार छान सांगितलंस, बाळा," ती पुटपुटली. "फळ्यांखाली माझा एनॉससुद्धा रडला."