सुरूची फांदी

नाताळ दोन दिवसांवर आला होता. नगरपालिकेच्या बागेच्या फाटकात उद्यान अधिकारी बोरुडेसाहेबांनी स्कूटर थांबवली. रोपांना पाणी घालणाऱ्या दयाबाई घरी निघाल्या होत्या आणि त्यांच्या पिशवीतून सुरूच्या झाडाची हातभर फांदी डोकावत होती.

"बागेतली तोडली?"

"व्हय साहेब. नातवंडांना नाताळचं झाड करायला."

"बाग काय तुमच्या घरची आहे? उद्या प्रत्येक जण आपापल्या सणाला फांद्या तोडायला लागला, तर इथं झाडांच्या नावांच्या पाट्याच उरतील!"

सगळे माळी हातातलं काम सोडून बघत राहिले. साहेबांनी फांदी काढून घेतली.

"चुकलं, साहेब," दयाबाई खालमानेनं म्हणाल्या. "दसऱ्याला तुमी हितल्याच आपट्याच्या फांद्या तोडून साऱ्या हापिसात वाटल्या. मला बी सोनं दिलं. मला वाटलं, सनाला चालत आसंल."

आपटा फाटकाजवळच होता, एका बाजूनं अजून बोडका. साहेबांनी तिकडं पाहिलं नाही. त्यांनी फांदी दयाबाईंपुढं धरली.

दयाबाईंनी दोन्ही हात पदराखाली घेतले.

"नगं साहेब. बागेची हाय ती."