चौथं भूमिपूजन

कंपनीच्या बनारसमधल्या चौथ्या हॉस्पिटलचं भूमिपूजनही बिंदुमाधव गुरुजींनीच सांगितलं. दर वेळी साहेब नवे असायचे, गुरुजी तेच. साहेबांनी कुदळ मारली, फोटो निघाले. त्यांच्या हातांवर पाणी घालताना गुरुजी हळूच म्हणाले, "साहब, पुराने हॉस्पिटल की डायलिसिस मशीन ठीक करवा दीजिए."

साहेब हसले. "पंडितजी, मरम्मत की फोटो कौन छापता है? दिल्लीवाले तो यही पूछते हैं, नए कितने खोले."

प्रसाद उपरण्यात बांधून गुरुजी जुन्या हॉस्पिटलात आले. लिफ्ट बंद होती. तीन जिने चढून ते बायकोच्या खाटेशी टेकले. चारपैकी तीन मशिनं बंद पडल्यापासून गीताबाईंचा नंबर आठवड्यातून एकदाच लागत होता. सुजलेल्या पायांत चपला जात नव्हत्या.

"अहो, बोललात का साहेबांशी?"

"बोललो. त्यांना बढती मिळाली. पुढच्या महिन्यात दिल्लीला चाललेत."

गीताबाई धडपडत उठून बसल्या. "संकठादेवीनं ऐकलं म्हणायचं! म्हणजे नवीन साहेब येणार. आल्या आल्या त्यांच्या कानावर घाला."

गुरुजी प्रसादाची गाठ सोडू लागले.

"नव्या साहेबांचा फोन आला होता सकाळीच."

"काय म्हणाले?"

"पाचव्या हॉस्पिटलचा मुहूर्त काढून ठेवायला सांगितलाय."