कायम रहिवासी

हणमंत चौगुले उजवी रिकामी बाही खिशात खोचून परदेशातल्या रहिवास कचेरीच्या खिडकीपुढे उभा होता. मासळीच्या कारखान्यात यंत्रानं त्याचा हात कोपरापासून तोडला आणि मनगटात बसवलेलं कायम रहिवासाचं कार्ड हाताबरोबर गेलं. नवं कार्ड मागायला तो बायकोला, सुलभाला घेऊन आला होता. खिडकीत पेडणेकरबाई दिसल्या तेव्हा त्याला धीर आला. आपलं माणूस होतं.

"कार्ड हरवलेलं नाही," बाई पडद्याकडे बघत म्हणाल्या. "हॉस्पिटलनं हात काचपेटीत जिवंत ठेवलाय. नाडी लागते, कार्ड चालू आहे. कायद्यानं रहिवासी तो हात."

"मग बंद करा की त्याला."

"रहिवाशाला मारता येत नाही. तुम्ही मात्र विनापरवाना आहात. आजच्या विमानानं जावं लागेल." मग सुलभाशी त्या मऊ आवाजात बोलल्या. "वहिनी, तुमचे यजमान इथंच आहेत, काचपेटीत. तुम्ही आणि मुलगी खुशाल राहा. फक्त यांच्याशी नातं सांगितलंत, तर तिघांनाही जावं लागेल."

मुलीची शाळा आत्ता कुठं मार्गी लागली होती.

"जायच्या आधी हात बघू द्या एकदा," हणमंत म्हणाला. "लग्नातली अंगठी आहे त्यात."

"भेट फक्त नातेवाइकांना मिळते." बाईंनी सुलभाला विचारलं, "हे कोण तुमचे?"

सुलभानं कोटाची बटणं लावली.

"आमच्या गावाकडचे आहेत," ती म्हणाली.