झाडांची घरगुती नावं

बाईंनी बशीभर काळी फळं पुढे ठेवली आणि संपादक हसले.

"ओळखलं. कामोणी. वांग्या-टोमॅटोची रानातली चुलत बहीण."

"असेल," बाई म्हणाल्या. "आमच्याकडे हिला नावच नाही. खातात का हो ही?"

"पिकून काळी झाली की बिनधास्त." आणि नुसतं बोलून थांबतील तर ते संपादक कसले. त्यांनी मूठभर फळं तोंडात टाकली, बिया चावल्या, आणखी एक मूठ घेतली. गोडसर होती. बस जिथे संपते तिथून तासभर चालून आले होते; भूकही लागली होती.

रानझाडांच्या बोलीनावांचा त्यांचा कोश बारा वर्षांपूर्वी निघाला, तो शाळाशाळांत गेला. आता दुसरी आवृत्ती काढायची होती. रिंगणी-धोत्र्याच्या कुळाचं प्रकरण पहिल्या खेपेला अगदीच तोकडं राहिलं होतं. टेबलाशी बसून, इकडचं तिकडचं उतरवून त्यांनी ते कसंबसं उरकलं होतं. या वेळी मात्र त्यांनी गावोगाव पत्रं धाडली. सगळ्यात आधी उत्तर आलं ते या निवृत्त शिक्षिकेचं. वळणदार अक्षरात दोनच ओळी: 'अवश्य या. आमच्या गावची सगळी नावं मला तोंडपाठ आहेत.'

शाळेमागच्या खोलीत त्या एकट्याच राहत. टेबलावर वर्तमानपत्र अंथरून त्यांनी ताज्या डहाळ्या ओळीने मांडून ठेवल्या होत्या.

"ही शिंपीण," बाईंनी जांभळ्या फुलांच्या काटेरी डहाळीवर बोट ठेवलं.

संपादकांनी वही उघडली. "वा. आणि ही?"

"हा भाऊजी."

"भाऊजी," संपादक लिहिता लिहिता खूश झाले. इतर गावांत नावं पडतात ती रंगावरून, वासावरून, काट्यावरून. इथे मात्र झाडांशी थेट नातीच जोडलेली. 'या गावाने रानाला घरात घेतले आहे.' प्रस्तावनेचं पहिलं वाक्य त्यांना तिथेच सुचलं.

"ही तिसरी."

"मग पहिली आणि दुसरी कुठल्या?"

"पहिली-दुसरी नाहीत. नुसती तिसरी."

संपादकांनी नाव लिहिलं, पुढे प्रश्नचिन्ह काढलं. मग डहाळीकडे नीट पाहिलं आणि जरा चुळबुळले. हे झाड त्यांच्या ओळखीचं होतं. पहिल्या आवृत्तीत 'कामोणी' या नावाखाली, 'फळे मुलांना विशेष प्रिय' या वाक्याच्या वर, चुकून याचाच फोटो छापला गेला होता. पुस्तक निघाल्यावर महिन्याभरात एका वाचकाने कळवलंही होतं. पण छापलेल्या प्रतींत चिठ्ठ्या चिकटवत कोण बसणार? पुढच्या आवृत्तीत बघू, म्हणून ते पत्र फाईलला लागलं. पुस्तक हातात धरून कोण रानात जातंय, असं तेव्हा ते बायकोला म्हणालेही होते.

"जरा पाणी मिळेल का?"

बाईंनी तांब्या पुढे केला. ते घटाघटा प्यायले, तरी घशाची कोरड जाईना.

"चढ फार आहे तुमचा," ते म्हणाले. "आणि तेवढा पडदा ओढता का? ऊन डोळ्यांत जातंय."

"ओढलेलाच आहे," बाई म्हणाल्या.

संपादकांनी डोळे चोळले. वहीतली अक्षरं मुंग्यांसारखी पांगत होती. वयाचा परिणाम, दुसरं काय. चष्म्याचा नंबर तपासायला हवा. हातातलं काम मात्र सोडायचं नव्हतं.

"ही नावं पडली कशी, तेवढं सांगा. वाचकांना गंमत वाटते."

बाई समोर खुर्ची ओढून बसल्या.

"शिंपीण आमच्या समोरच राहायची. पोटात दुखायचं तिच्या. कुणी सांगितलं म्हणून या झाडाचा पाला उकळून प्यायली. संध्याकाळपर्यंतही टिकली नाही. भाऊजी म्हणजे माझ्या धाकट्या बहिणीचे यजमान. पैजेवर खाल्लं त्यांनी. त्याआधी गावात या झाडांना नावं नव्हती. पण पोरांना नुसतं विषारी म्हणून सांगितलं तर पटत नाही. 'हात लावू नको, ती शिंपीण आहे' म्हटलं की लगेच मागे सरतात. म्हणून आमची रीतच पडली. झाड ज्याला घेऊन जातं, त्याचं नाव झाडाला."

संपादकांचं पेन थांबलं. काहीतरी विचारायचं होतं, पण जीभ टाळूला चिकटली होती.

"आणि... तिसरी?"

"इयत्ता तिसरी," बाई म्हणाल्या. "सात मुलं होती वर्गात. सहा गावातली आणि एक माझी नात. ओढ्याकाठी सहलीला नेलं होतं मीच. शाळेच्या कपाटातलं तुमचं पुस्तक बरोबर घेतलं होतं. फोटो दाखवून म्हटलं, ओळखा बरं, आणि खा पोटभर."

आवाज चढला नाही की उतरला नाही. हजेरी घेतात तशा त्या बोलत होत्या.

संपादक उठायला गेले. पाय खुर्चीखालीच राहिले. टेबलाची कड धरायला पुढे केलेला हात बशीवर पडला. बशी फुटली. उरलेली फळं घरंगळत डहाळ्यांपाशी जाऊन थांबली.

"ही," त्यांनी कसंबसं म्हटलं. "ही कोणती?"

बाईंनी त्यांची वही आपल्याकडे ओढली, कोरं पान काढलं आणि त्यांच्या बोटांतून पेन अलगद सोडवून घेतलं.

"घरी तुम्हाला काय म्हणतात?" त्यांनी विचारलं.