बांधावी लागणारी वेल

“ही नको. ही आपली आपण चढते.” नर्सरीवाल्याने पुढे केलेलं कृष्णकमळ कुमुदने परत सरकवलं. “रोज हाताने बांधावी लागेल अशी एखादी वेल द्या.”

असलं गिऱ्हाईक त्याने पाहिलं नव्हतं. डोकं खाजवत त्याने जाईचं रोप काढून दिलं.

घरी कुमुदने अंगणात बांबूची कमान उभी केली, सुतळीचे तुकडे कापले आणि नवऱ्याला खुर्चीतून उठवलं. “अहो, हिला तणावे नसतात. बांधली नाही तर जमिनीवर लोळेल बिचारी. माझी बोटं संधिवातानं आखडलीत, तुम्हीच बघा.” अर्धांगवायूनंतर सांगितलेले उजव्या हाताचे व्यायाम त्यांनी वैतागून सोडले होते. पण वेलीसाठी ते उठले. पहिल्या गाठीला अर्धा तास लागला.

पण वेल काही रोज वीतभर वाढत नाही. म्हणून संध्याकाळी ते टीव्हीसमोर बसले की कुमुद गुपचूप दोन-तीन निरगाठी नखांनी, कधी दातांनी सोडवून यायची. सकाळी ते “वाऱ्यानं सुटल्या वाटतं” म्हणत पुन्हा बांधायचे.

तीन महिन्यांनी जाई कमानीच्या माथ्याला पोचली. त्या सकाळी ते उजवा हात खांद्याच्या वर नेऊन, जीभ दातांत धरून सुतळीची सुरगाठ मारत होते.

“अहो, सुरगाठ कशाला? लगेच सुटेल ती.”

“सुटू दे,” ते मागे न वळता म्हणाले. “एक टोक ओढलं की झालं. संध्याकाळी तुझ्या बोटांना त्रास नको.”