तपासणीचा दिवस

मुकादम कारभारीनं टेंपोचा फाळका पाडला आणि अजिंठ्याकडून आणलेली माणसं एकेक करून उतरवून घेतली. कॉलेजच्या दवाखान्याच्या दारात सिस्टर उभ्या होत्या. आत येईल त्याला त्या खाट दाखवत होत्या. एरवी निम्मे रिकामे असणारे वॉर्ड बघता बघता भरले.

डॉक्टर सगीरा खिडकीतून हे पाहत होती. शहरातले रोगी घाटीच्या सरकारी दवाखान्यात जायचे, या आडबाजूच्या कॉलेजाकडे सहसा कुणी फिरकायचं नाही. पण आज दिल्लीहून तपासणीला साहेब येणार होते. रोगी पुरेसे दिसले, तरच इथल्या एम.एस. पदवीला मान्यता मिळणार होती. नाहीतर परीक्षा पास होऊनही कायद्याच्या लेखी सगीरा सर्जन नव्हतीच. आणि तिकडे शहागंजात तिचे अब्बा नूरमोहम्मद बांगड्यांच्या दुकानात येईल त्या गिऱ्हाइकाला सांगत सुटले होते, की आमची लेक सर्जन झाली. त्यांना खरं सांगायचा धीर तिला झाला नव्हता.

या सोंगाची तिला किळस येत होती. तरी ती गप्प राहिली. गरजवंताला अक्कल नसते म्हणतात, ते काही उगाच नाही.

कारभारीनं एकेकाला आजार वाटून दिले होते. कुणाला दमा, कुणाला कंबर, कुणाला पोट. चहापोहे खाऊन माणसं खाटांवर गप्पा मारत पडली होती. पलीकडच्या ओळीतला दमेकरी तर खिशातून बिडी काढत होता, सिस्टरनं डोळे वटारले तेव्हा ठेवली.

कोपऱ्यातल्या खाटेवरचा म्हातारा मात्र कसलेला नट निघाला. पाय पोटाशी घेऊन तो कण्हत होता. पोह्यांची बशी त्यानं सारून दिली होती. उशाशी त्याची बायको बसली होती. सगीरानं सदऱ्यावरूनच पोटाला हात लावला, तर त्यानं पोट आवळून दगड केलं. कारभारीनं हेही शिकवलं की काय, याचं तिला नवल वाटलं. नाव विचारायची गरज तिला वाटली नाही.

"बाबा, साहेब यायला वेळ आहे," ती हळूच म्हणाली. "आत्तापासून एवढं कण्हू नका."

म्हातारा ओठ दाबून गप्प झाला. बायकोनं विचारलं, "सायब आल्यावर व्हईल ना सगळं नीट?"

"होईल," सगीरा म्हणाली.

साहेब आले ते डीनसाहेबांना बरोबर घेऊनच. पिकल्या केसांचा, मोजकं बोलणारा माणूस. खाटांवरून नजर फिरवत ते मान डोलवत गेले, तशी डीनसाहेबांची कळी खुलत गेली. कोपऱ्यात येऊन साहेब थांबले आणि सगीराला रोग विचारला. पुस्तकातलं तिला तोंडपाठ होतं. अपेंडिक्स सुजलंय, पू झालाय, आजच ऑपरेशन करावं लागेल, असं तिनं घडाघडा सांगितलं.

"मग आत्ताच करा," साहेब म्हणाले. "मी उभा राहून बघतो."

डीनसाहेबांनी मागून तिला मान हलवून हो म्हण म्हणून खुणावलं. पदवीसाठी धडधाकट माणसाचं पोट फाडायचं? अब्बांचा चेहरा डोळ्यांपुढं आला आणि तिला त्यांची भीती वाटली नाही, स्वतःची लाज वाटली.

"सर, हे पेशंट नाहीत," ती म्हणाली. "यांना काहीही झालेलं नाही. तपासणीपुरतं आणलंय सगळ्यांना."

साहेबांनी फाइल मिटली आणि ते चालू लागले. डीनसाहेब विनवण्या करत त्यांच्या मागे धावले. मान्यता गेली, हे सांगायला आता कुणाची गरज नव्हती. कारभारीनं घाईघाईनं माणसं उठवून बाहेर काढली.

सगीराला रडू येत होतं, पण छातीवरचं ओझंही उतरलं होतं. आज आपण खऱ्या डॉक्टर झालो, असं तिला मनापासून वाटलं. डोळे पुसून ती कोपऱ्यातल्या खाटेशी गेली.

"उठा बाबा, संपलं सगळं. घरी जा आता."

म्हातारीनं हात जोडले. तिच्या चेहऱ्यावर पहिल्यांदाच हसू आलं. "लई उपकार झाले, बाई. रातभर ह्यांच्या जिवाचं पाणी पाणी झालं व्हतं. तुमी काय बी झालेलं नाय म्हनलात, अन् जीव भांड्यात पडला."

ती नवऱ्याला खांदा देऊन उठवू लागली. त्याला काही उभं राहता येईना. तेवढ्यात कारभारी दारातून डोकावला.

"म्याडम, माझी मानसं तर समदी टेंपोत बसली," तो म्हणाला. "हे कोन?"