साहेबांचा पट

माझी धाकटी बहीण बुद्धिबळात देशात पहिली होती. तरी जागतिक स्पर्धेचा तिचा अर्ज संघटनेच्या सचिवांनी मुदत टळेपर्यंत खणात दाबून ठेवला आणि तिच्या जागी स्वतःच्या भाचीला पाठवलं.

काल त्याच संघटनेने तिला प्रदर्शनी खेळाला बोलावलं. एकटीने एकाच वेळी वीस जणांशी खेळायचं होतं. एकोणीस पटांवर शाळेतल्या मुली होत्या आणि विसाव्यावर सचिव.

"अजून ते मनात धरून बसलीस होय गं?" ते हसत म्हणाले. "अर्जच तर होता. राहतो एखादा कागद खणात."

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. धाकटी मात्र पटावरचे मोहरे नीट लावत होती. तेवढ्यात संयोजक तिच्या कानाशी लागले.

"ताई, चारचौघांत साहेब हरले तर बरं दिसणार नाही. तेवढा त्यांचा डाव बरोबरीत सोडवा. अशा खेळात समोरच्याचं मन राखतातच की सगळे."

"राखतात ना," ती हळूच म्हणाली.

दोन तासांत तिने एकोणीसही मुलींचे डाव बरोबरीत सोडवले. डाव संपलेल्या मुली एकेक करत साहेबांच्या पटाभोवती येऊन उभ्या राहिल्या.



अख्ख्या सभागृहात हरले ते एकटे साहेब.